‘मारामारीचे सिनेमे’ म्हणून परत पाठवलेल्या एका दिग्दर्शकासाठी : निवड समित्यांना खुले पत्र

प्रति,
महाराष्ट्र आणि गोव्यातल्या चित्रपट महोत्सवांच्या निवड समित्यांचे सन्माननीय सदस्य,
तसेच फिल्म सोसायटी चळवळीतले आमचे सहकारी

सप्रेम नमस्कार.

आमच्या तालुक्याच्या गावातल्या छोट्या फिल्म सोसायटीने गेल्या वर्षी एका महोत्सवाला प्रस्ताव पाठवला होता. तैवानचे दिग्दर्शक कुओ नान-हुंग, ज्यांना बाहेरचं जग जोसेफ कुओ म्हणून ओळखतं, त्यांचे तीन चित्रपट एका दिवसात दाखवायचे आणि संध्याकाळी त्यावर चर्चा ठेवायची, एवढाच तो होता. खर्चातला वाटा उचलायची आमची तयारी होती. उत्तर दोन ओळींचं आलं. अशा मारामारीच्या चित्रपटांना महोत्सवाच्या स्वरूपात स्थान देता येत नाही, असा त्याचा आशय. महोत्सवाचं नाव मी घेत नाही. हेच उत्तर दुसऱ्या कुठूनही आलं असतं अशी माझी खात्री आहे, आणि म्हणूनच हे पत्र कुणा एकाला न लिहिता सगळ्यांना लिहितो आहे.

माझा यात जीव का गुंतलाय ते आधी सांगतो. मी तालमीतला माणूस आहे. आमच्या घरात वस्तादकी चालत आली आहे. आजही पहाटे लाल मातीत पोरं माझ्यासमोर जोर-बैठका काढतात. त्याच गावात आम्ही काही जणांनी फिल्म सोसायटी उभी केली, राय, ओझू, किआरोस्तामी यांचे चित्रपट शाळेच्या हॉलमध्ये पडदा लावून दाखवले. सिनेमाचं वेड मला लागलं ते मात्र त्याच्या कितीतरी आधी, ऐंशीच्या दशकात, व्हिडिओ सेंटरवर. तालमीतली सगळी पोरं तिथे कुंगफूचे सिनेमे बघायला जायची. चित्रपटाचं नाव कुणाला माहीत नसायचं, दिग्दर्शकाचं तर नाहीच. ‘सोनेरी माणसांचा’, ‘पांढऱ्या केसांच्या म्हाताऱ्याचा’, ‘बुद्धिबळाचा’ अशी आमची ओळख. बऱ्याच वर्षांनी, चित्रपटांचा नीट अभ्यास करू लागल्यावर कळलं की आमच्या आठवणीतले यांतले बरेचसे सिनेमे एकाच माणसाचे होते. ज्याने आम्हाला सिनेमा बघायला शिकवलं, त्याचं नावसुद्धा आम्हाला कुणी सांगितलं नव्हतं. त्या नावासाठी हे पत्र आहे.

कुओ यांचा जन्म १९३५चा, तैनानचा. त्यांनी सुरुवात केली ती तैवानी भाषेतल्या चित्रपटांपासून. हा सगळा अध्याय आपल्या महोत्सवांत जवळजवळ कधीच येत नाही, म्हणून थोडं थांबून सांगतो. १९५०च्या दशकाच्या मध्यापासून १९८१पर्यंत तैवानमध्ये तिथल्या लोकांच्या बोलीत हजाराच्या वर चित्रपट निघाले. कमी पैशांत, बहुतेक कृष्णधवल, छोट्या छोट्या कंपन्यांनी काढलेले. १९४९पासून १९८७पर्यंत तिथे लष्करी कायदा होता आणि सरकारचा सगळा जोर मँडरिन भाषेवर होता. शाळेत बोली बोललं तर शिक्षा व्हायची. रंगीत फिल्म आली, मँडरिन चित्रपटांना भांडवल आणि प्रतिष्ठा मिळाली, आणि बोलीतला सिनेमा मागे पडत पडत संपला. त्याच्या रिळांची निगा राखावी असं कुणाला वाटलं नाही. त्या हजारांतले आज दोनशेच्या आसपास उरले आहेत. मुंबईत हिंदीच्या सावलीत मराठी सिनेमा कसा जगला हे ज्यांनी पाहिलंय, त्यांना यातलं दुखणं वेगळं समजावून सांगायला नको.

कुओ त्या बुडत्या धंद्यातून बाहेर पडले ते तलवार हातात घेऊन. १९६७ साली युनियन या कंपनीसाठी दिग्दर्शक किंग हू यांनी केलेल्या ‘ड्रॅगन इन’ या तलवारपटाने तैवानचा बाजार ढवळून काढला. पुढच्याच वर्षी त्याच युनियन कंपनीसाठी कुओ यांनी ‘द स्वोर्ड्समन ऑफ ऑल स्वोर्ड्समेन’ केला. बापाच्या खुनाचा सूड घ्यायला निघालेला तरुण तलवारबाज, ही कथा शंभरदा ऐकलेली. पण इथे सूडाच्या वाटेवरच त्या तरुणाच्या मनात सूडाबद्दल शंका उभी राहते, आणि त्याच्या जोडीला शांगक्वान लिंग-फेंग या नटीने केलेली, बरोबरीने तलवार चालवणारी बाई आहे. सत्तरच्या दशकात त्यांनी स्वतःची कंपनी काढली आणि निर्मिती, लेखन, दिग्दर्शन सगळं स्वतःकडे घेतलं. हाँगकाँगच्या शॉ ब्रदर्सकडे होता तसा स्वतःचा स्टुडिओ, कायमचे सेट, पगारी नटांचा ताफा यांतलं काहीच यांच्याकडे नव्हतं. डोंगरउतार, देवळाचं अंगण, नदीकाठ, आणि पुन्हा पुन्हा तेच चार-पाच नट. एवढ्यावर त्यांनी ‘द एटीन ब्राँझमेन’ उभा केला.

तो १९७६चा. शाओलिन मठातून बाहेर पडायचं असेल तर अठरा कांस्यपुरुषांच्या परीक्षेतून जावं लागतं, ही त्याची मध्यवर्ती कल्पना. अंगाला रंग फासलेली माणसं आहेत हे बघणाऱ्याला लगेच कळतं. तरीही ती अंगावर येतात, कारण ती बोलत नाहीत, चिडत नाहीत, हरल्याचं दुःख करत नाहीत. परीक्षेच्या शेवटी तापलेलं धातूचं भांडं दोन्ही हातांच्या कवेत उचलावं लागतं आणि हातांवर कायमचा डाग उठतो. लढण्याची विद्या शिकण्याची ही लांबलचक, थकवणारी, वेळखाऊ प्रक्रिया हाच चित्रपटाचा विषय आहे. हाँगकाँगचा ‘थर्टी-सिक्स्थ चेंबर ऑफ शाओलिन’ यानंतर दोन वर्षांनी आला. जगातले समीक्षक त्याला अभिजात मानतात, मीही मानतो. पण मठातल्या शिक्षणाची गोष्ट सांगताना कुणी कुओ यांचं नावच घेऊ नये, हे मला पटत नाही.

आता माझ्या तक्रारी.

सगळ्यात मोठी तक्रार ‘मारामारी’ या शेऱ्याबद्दल आहे. आपण नृत्याला रचना मानता, संगीताला रचना मानता. दोन माणसांची लढत ही तितकीच रचलेली गोष्ट असते. ‘द सेव्हन ग्रँडमास्टर्स’ बघा. निवृत्त व्हायला निघालेल्या वस्तादाला दरबारातून श्रेष्ठत्वाचा फलक येतो आणि त्याच वेळी, तू याच्या लायक नाहीस, असं आव्हानही येतं. मग तो म्हातारा शिष्यांना घेऊन निघतो आणि गावोगावच्या गुरूंशी एकेक लढत देत फिरतो. प्रत्येक गुरूची पद्धत वेगळी, आणि म्हणून प्रत्येक लढतीची लय वेगळी. कॅमेरा मागे थांबतो. दोघांचे पाय चौकटीत असतात. तालमीत आम्ही पोरांना सांगतो की समोरच्याच्या डोळ्यांकडे बघू नको, पायाकडे बघ. वजन कुठल्या पायावर आहे त्यावरून पुढचा डाव कळतो. हे ज्याला ठाऊक आहे त्याला कुओ यांच्या चौकटीत पुढच्या हालचालीची चाहूल आधीच लागते, आणि तरीही ती हालचाल चकवते. आजच्या मोठ्या बजेटच्या चित्रपटांत दर सेकंदाला कट मारून हेच नेमकं लपवलेलं असतं. त्या लढती बसवणाऱ्यांत कोरी युएन आणि युएन चेउंग-यान होते. पुढे याच दोघांना हॉलिवूडने बोलावून घेतलं. त्यांच्या उमेदीच्या काळातलं काम कुओ यांच्या चित्रपटांत आहे.

त्याच चित्रपटात बारा डावांची एक पोथी आहे आणि तिच्यातले शेवटचे तीन डाव चोरीला गेलेले आहेत. वस्तादाला स्वतःलाच विद्या अपुरी मिळाली आहे. आमच्याकडे म्हणतात, वस्ताद सगळे डाव शिकवतो पण एक राखून ठेवतो. राखलेल्या डावाची भीती, अपुऱ्या विद्येची बोच, हाकललं तरी दारातून न हलणारा पठ्ठा आणि मनातून त्याच्यावर जीव जडलेला म्हातारा, हे सगळं या चित्रपटात आहे. आमच्या तालमीतल्या पोरांना तो दाखवला तेव्हा कुणाला काही समजावून सांगावं लागलं नाही. गुरू-शिष्य नात्यावरचा चित्रपट म्हणून आपण तो पाहिला असता तर नाकारला असता का, हे मला खरंच जाणून घ्यायचंय.

आणि ‘द मिस्टरी ऑफ चेस बॉक्सिंग’. १९७९चा. यात खून करण्याआधी भुताच्या चेहऱ्याची तबकडी फेकणारा खलनायक आहे, मार्क लाँगने केलेला. त्याची विद्या पंचतत्त्वांची : धातू, लाकूड, पाणी, अग्नी, माती. बापाचा बदला घ्यायला आलेला पोरगा आ पाओ आधी एका आखाड्यात पडेल ते काम करत राहतो. तिथला म्हातारा आचारी, म्हणजे युएन सिउ-तिएन, त्याला भाताच्या वाडग्यावरून हात चालवायला शिकवतो. जेवायचा वाडगा समोरच्याच्या हातात जाऊ द्यायचा नाही, एवढाच धडा. पण त्यात मनगट, कोपर, नजर सगळं तयार होतं. पुढे तो चिनी बुद्धिबळाच्या जाणकाराकडे जातो. चिनी बुद्धिबळात घोड्याच्या पायाशी सोंगटी असली की त्याला त्या दिशेने जाता येत नाही. वाट अडवणं म्हणजेच बचाव, हे पोरगा पटावर शिकतो आणि नंतर अंगाने करतो. शेवटच्या लढतीत गुरू आणि शिष्य दोघं मिळून त्या एकट्या खलनायकाशी भिडतात आणि त्याच्या एकेका तत्त्वाला तोड काढत जातात. डाव आणि त्याची तोड, हे कुस्तीचं सगळं व्याकरण आहे. सिनेमाच्या भाषेत ते इतकं स्वच्छ मांडलेलं मी दुसरीकडे पाहिलेलं नाही.

न्यूयॉर्कच्या वू-टँग क्लॅन या रॅप गटातल्या एकाने या खलनायकावरून स्वतःचं नाव घेतलं, आणि त्यांच्या १९९३च्या पहिल्या अल्बममध्ये या चित्रपटाच्या नावाचं गाणं आहे. अमेरिकेतल्या गरीब वस्तीतल्या मुलांनी ज्यातून आपली कला घडवली, त्याच्याकडे आपण वळूनही बघत नाही.

दुसरी तक्रार हे चित्रपट आपल्यापर्यंत ज्या अवस्थेत पोचले त्याबद्दल, आणि त्या अवस्थेवरून आपण दिलेल्या निकालाबद्दल. हे चित्रपट रुंद पडद्यासाठी चित्रित केले होते. व्हिडिओ कॅसेटसाठी त्यांच्या दोन्ही बाजू कापल्या गेल्या. एकाने लाथ मारली की दुसरा चौकटीबाहेर, कोसळल्याचा नुसता आवाज. वर कुठलंतरी इंग्रजी डबिंग. नावं तर वाटेल ती. ‘चेस बॉक्सिंग’ हाच चित्रपट ‘निंजा चेकर्स’ या नावानेही विकला गेला. त्यात निंजाही नाही आणि चेकर्सही नाही. दिग्दर्शकाचं नाव कधी जोसेफ कुओ, कधी कुओ नान-हुंग. आपल्यापैकी ज्यांनी हे सिनेमे कधीतरी पाहिले असतील त्यांनी असेच पाहिले असणार. अर्धा कापलेला चित्रपट बघून दिग्दर्शकाला चौकट कळत नाही असं ठरवू नका, एवढंच माझं म्हणणं आहे. आता तर चांगल्या प्रती उपलब्ध आहेत. तैवानच्या राष्ट्रीय चित्रपट संस्थेने १९६८चा तलवारपट मूळ निगेटिव्हवरून पुन्हा तयार केला आहे. ब्रिटनमधल्या एका कंपनीने त्यांचे आठ चित्रपट एका संचात पूर्ण चौकटीसह आणले आहेत. सबब उरलेली नाही.

तिसरी तक्रार दुजाभावाची. किंग हू यांच्या ‘अ टच ऑफ झेन’ला १९७५ साली कान महोत्सवात तांत्रिक पुरस्कार मिळाला, म्हणून ते चालतात. अँग ली यांचा तलवारपट ऑस्कर घेऊन आला, म्हणून तो चालतो. हौ स्याओ-स्येन यांना २०१५ साली कानमध्ये दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला, म्हणून त्यांच्या चित्रपटातली तलवार काव्यमय ठरते. तिघेही थोर आहेत आणि मी त्यांचे चित्रपट गावात दाखवले आहेत. पण ज्याच्या गळ्यात परदेशी पुरस्कार पडला त्याचीच लढत कला, आणि ज्याने फक्त गर्दीसाठी काम केलं त्याची मारामारी, असा निकष असेल तर निवड समितीची गरजच काय?

कुओ यांच्या प्रत्येक चित्रपटाची बाजू मी घेणार नाही. जॅकी चॅनचा ‘ड्रंकन मास्टर’ चालल्याबरोबर वर्षभरात त्यांनीही दारुड्या वस्तादांचा चित्रपट काढला. घाई दिसते, कथा मध्येच विसरल्यासारखी वाटते, तेच विग आणि तीच दाढी तीन चित्रपटांत फिरते. पण बाजाराच्या मागे धावतानाही या माणसाने काय केलं बघा. १९७९च्या ‘द ओल्ड मास्टर’मध्ये त्यांनी प्रमुख भूमिकेत घेतलं ते यू जिम-युएन यांना. जॅकी चॅन, सॅमो हंग, युएन बियाओ यांना हाँगकाँगच्या ऑपेरा शाळेत घडवणारे हे गुरुजी. ज्यांच्या शिष्यांना सगळं जग ओळखतं, त्या वस्तादाला पडद्यावर मध्यभागी उभं केलं ते याच बिनमहत्त्वाच्या मानलेल्या दिग्दर्शकाने. चित्रपट साधारण आहे. त्यातल्या त्या म्हाताऱ्याच्या हालचाली मात्र साधारण नाहीत, आणि त्या जतन झाल्या आहेत.

जतन हा शब्द आलाच आहे तर आपल्या घरचंही बोलू. आपल्याकडे स्टंटपटांचे नायक मास्टर विठ्ठल होते. भगवानदादांनी ‘अलबेला’च्या आधी कितीतरी स्टंटपट काढले, ज्यात ते स्वतः लढायचे. गिरणी कामगारांनी ते डोक्यावर घेतले, शिकलेल्यांनी तोंड फिरवलं, आणि आज त्यांतले बहुतेक बघायलाही मिळत नाहीत. पुण्याचं चित्रपट संग्रहालय १९६४ साली सुरू झालं तोवर फार काही हातचं गेलं होतं. हलका सिनेमा म्हणून ज्याला बाजूला सारलं जातं, त्याची रीळ आधी सडते. तैवानी बोलीपटांचं हेच झालं, आपल्या स्टंटपटांचं हेच झालं. म्हणून निवड समितीचा दोन ओळींचा नकार मला लहानसा वाटत नाही.

आमच्या मागण्या साध्या आहेत.

येत्या वर्षभरात महाराष्ट्र किंवा गोव्यातल्या किमान एका महोत्सवाने कुओ नान-हुंग यांचे निदान दोन चित्रपट त्यांच्या नावासह, त्यांच्यावरच्या टिपणासह दाखवावेत. एक १९६८चा तलवारपट, आणि दुसरा सत्तरच्या दशकातला कुठलाही. मध्यरात्रीच्या गमतीच्या खेळात ते ढकलू नयेत. इतर दिग्दर्शकांना मिळते तीच वेळ आणि तोच पडदा द्यावा.

प्रत पूर्ण चौकटीची आणि मूळ भाषेतली असावी. मराठी उपशीर्षकं आमची सोसायटी विनामूल्य करून देईल. प्रती आणि परवानग्यांसाठी कुणाशी बोलायचं हा प्रश्न असेल, तर तैपेई आर्थिक व सांस्कृतिक केंद्राचं कार्यालय २०२४पासून मुंबईतच आहे. तिथे एक अधिकृत पत्र जाणं पुरेसं आहे. ते आमच्यासारख्या छोट्या संस्थेने पाठवण्यापेक्षा आपण पाठवलंत तर वजन पडेल.

प्रस्ताव नाकारताना कारण लिहून द्यावं, आणि समितीने चित्रपट पाहिला होता की नाही हे त्यात नमूद करावं. चित्रपट पाहून नाकारला असेल तर आमचं काही म्हणणं नाही.

खेळाच्या दिवशी जवळपासच्या तालमी, कराटे आणि ज्यूदोचे वर्ग, मर्दानी खेळाचे आखाडे यांतल्या मुलामुलींना प्रवेश द्यावा आणि नंतरच्या चर्चेत त्यांच्या वस्तादांना व्यासपीठावर बसवावं. समीक्षकाला जे दिसतं त्यापेक्षा त्यांना वेगळं दिसेल, आणि ते ऐकणं समीक्षकांनाही उपयोगाचं ठरेल.

फिल्म सोसायटीच्या सहकाऱ्यांना वेगळी विनंती. आपापल्या गावात जुन्या वितरकांकडे, बंद पडलेल्या थिएटरांच्या मागच्या खोल्यांत स्टंटपटांची, कुंगफूपटांची रिळं पडली असतील तर त्यांची नोंद करा. विकत घ्यायची गरज नाही. डब्यावरचं नाव, किती रिळं, कुठल्या अवस्थेत, एवढं लिहून काढा. ती यादी एकत्र करून पुण्याच्या संग्रहालयाकडे पोचवायची जबाबदारी आम्ही घेतो.

मूळ प्रस्ताव, तिन्ही चित्रपटांची टिपणं आणि खर्चाचा अंदाज आम्ही पुन्हा एकदा सर्व समित्यांकडे पाठवत आहोत. उत्तराची वाट पाहतो.

आपला नम्र,
एक फिल्म सोसायटी कार्यकर्ता आणि तालमीतला वस्ताद